एका प्रसंगाची माणसे

चित्रपटाच्या पटकथेत ज्या पात्राला नाव नसते आणि ‘मापाडी’, ‘शेजारीण’, ‘दुसरा हमाल’ एवढीच ज्याची नोंद असते, त्या पात्रासाठी माणूस शोधणे हा माझ्या आजच्या कामाचा सर्वांत वेळखाऊ भाग आहे. त्याआधीची अनेक वर्षे मी स्वतः अशीच पात्रे करीत होते. मराठी मालिकांतून आणि हिंदी-मराठी चित्रपटांतून मी परिचारिका, मोलकरीण, महिला हवालदार, नवरीची मावशी आणि रेशनच्या रांगेत भांडणारी बाई झाले आहे. अभिनय सोडून कास्टिंग डिरेक्टर व्हायचे, असे मी कधी ठरवले नव्हते. खान्देशात घडणाऱ्या एका स्वतंत्र निर्मितीच्या चित्रपटासाठी माणसे निवडण्याचे काम माझ्याकडे आले आणि ते संपेपर्यंत माझा व्यवसाय बदललेला होता. हे नेमके कसे झाले, असे जळगाव-धुळ्याकडील नाट्यवर्तुळातील तरुण मंडळी मला वारंवार विचारतात. त्यांच्यासाठी हे लिहीत आहे.

माझे माहेर अमळनेरचे आणि आजोळ यावल तालुक्यातले. त्यामुळे घरात अहिराणी, सुट्टीत आजोळी लेवा बोली आणि शाळेत प्रमाण मराठी, अशा तीन भाषा कानावर पडत गेल्या. महाविद्यालयात एकांकिका केल्या आणि पुढे राज्य हौशी नाट्य स्पर्धेच्या जळगाव केंद्रावरील प्राथमिक फेऱ्यांमध्ये कामे केली. त्या वर्तुळातील माणसे दिवसा बँकेत, शाळेत, विमा कार्यालयात किंवा बाजार समितीत नोकरी करीत आणि रात्री कुणाच्या तरी शाळेच्या वर्गात बाकडी बाजूला सारून तालमी करीत. हौशी रंगभूमीने मला पाठांतराची शिस्त आणि शेवटच्या रांगेपर्यंत पोहोचणारा आवाज दिला. पुढे मुंबईत शिस्त उपयोगी पडली. आवाज मात्र कमी करून घेण्यात बरीच वर्षे गेली.

भुसावळहून रात्रीच्या गाडीने निघावे, पहाटे कल्याण किंवा दादरला उतरावे आणि अंधेरीत वर्सोव्याजवळच्या आरामनगरात, जुन्या बैठ्या घरांमधून चालणाऱ्या ऑडिशनच्या खोल्यांसमोर रांगेत उभे राहावे, हा माझा सुरुवातीचा क्रम होता. दारातला मुलगा चेहऱ्याकडे पाहून ‘नॉट फिट’ म्हणाला की तेथूनच परतायचे. आत घेतलेच तर आधी कॅमेऱ्याकडे पाहून नाव, वय, उंची आणि आधीची कामे सांगायची, मग डावी-उजवी बाजू दाखवायची आणि त्यानंतर हातात ठेवलेल्या कागदावरचा प्रसंग करायचा. मला मिळणाऱ्या कागदावर बहुधा तीनचार ओळीच असत. भूमिका मिळाली तर पुष्कळदा साड्या घरूनच न्याव्या लागत, काम मिळवून देणाऱ्या कोऑर्डिनेटरचा हिस्सा मानधनातून आधीच वजा झालेला असे आणि उरलेले पैसे हाती पडायला तीन महिने लागणे हे नेहमीचेच मानले जाई. याबद्दल मी रडगाणे गात नाही. चरित्र अभिनेत्रीचे जगणे असेच असते आणि ते पत्करूनच मी गेले होते.

त्या तीनचार ओळींनी मला जे शिकवले, त्यावर मात्र माझे आजचे काम उभे आहे. मुख्य भूमिकेशी दिग्दर्शक तासन्‌तास बोलतो. परिचारिकेशी बोलायला कुणालाच वेळ नसतो. मग ती परिचारिका कोणत्या पाळीवर आहे, तिला खाली टेकून किती वेळ झाला आहे, समोरचा रुग्ण तिचा आजचा कितवा, हे सगळे माझे मलाच ठरवावे लागे. एकदा जळगावच्या एका रुग्णालयात नातेवाइकाजवळ बसले असताना मी पाहिले की, खोलीत शिरणाऱ्या प्रत्येक परिचारिकेची नजर आधी सलाइनच्या बाटलीकडे जाते आणि मग रुग्णाकडे. पुढच्या चित्रीकरणात मी तेवढेच केले. दिग्दर्शकाच्या ते लक्षात आले नाही, पण संकलनात तो क्षण टिकला. काम करणाऱ्या माणसाची नजर आधी कामावर जाते आणि नंतर माणसावर, हे मला तेव्हा कळले आणि पात्र निवडताना आजही मी सर्वांत आधी तेच पाहते.

टेबलाच्या दुसऱ्या बाजूला मी पोहोचले ती क्यू देणारी बाई म्हणून. ऑडिशन देणाऱ्यासमोर दुसऱ्या पात्राचे संवाद म्हणायला कुणीतरी लागते आणि हे काम साधारणपणे कार्यालयातला सहायक सपाट आवाजात उरकतो. एका कास्टिंग कार्यालयाने हे काम रोजंदारीवर मला दिले, कारण मला मराठी आणि हिंदी या दोन्ही भाषा येत होत्या आणि मी समोरच्याला खरोखर उत्तर देत असे. कॅमेऱ्याच्या मागे उभे राहून सकाळपासून संध्याकाळपर्यंत एकच प्रसंग निरनिराळ्या माणसांकडून ऐकला की, जे आपल्याला स्वतःच्या अभिनयात कधी दिसत नाही ते दिसू लागते. बहुतेक जण स्वतःची ओळ उत्तम म्हणतात. समोरचा बोलत असताना मात्र त्यांचा चेहरा बंद पडतो. ऐकता येणारे नट फार थोडे असतात, आणि छोट्या भूमिकेत तर बहुतेक वेळ ऐकण्याचाच असतो.

आपल्याकडे हा व्यवसाय स्वतंत्र म्हणून तसा अलीकडचा आहे. पूर्वी मुख्य नट निर्माता ठरवी, मधल्या भूमिका दिग्दर्शकाच्या ओळखीतून भरल्या जात आणि उरलेली माणसे पुरवठादार आणून देई. १९८२ च्या ‘गांधी’साठी भारतातील पात्रनिवड डॉली ठाकोर यांनी केली, १९९४ च्या ‘बँडिट क्वीन’साठी ती तिग्मांशू धुलिया यांनी केली आणि त्यानंतर हिंदीत हळूहळू या कामाला वेगळे नाव आणि वेगळे मानधन मिळू लागले. अमेरिकेतही मान्यता उशिराच मिळाली. लिन स्टालमास्टर हे आधी किरकोळ भूमिका करणारे नट होते. ते पात्रनिवडीकडे वळले आणि २०१६ साली त्यांना मानद ऑस्कर देण्यात आले, तेव्हा हा सन्मान मिळवणारे ते त्यांच्या व्यवसायातील पहिलेच ठरले. ऑस्करमध्ये पात्रनिवडीसाठी वार्षिक पारितोषिक असावे, हा निर्णय तर २०२४ साली झाला. नटाचा कास्टिंग डिरेक्टर होणे ही काही माझी अपूर्वाई नव्हे, हे समजल्यावर मला पुष्कळ धीर आला.

मराठीत २०१६ च्या ‘सैराट’नंतर एक वेगळीच मागणी सुरू झाली. अकलूजची, अभिनयाचा कोणताही अनुभव नसलेली रिंकू राजगुरू त्या चित्रपटाची नायिका झाली आणि पुढची काही वर्षे मला भेटणारा प्रत्येक निर्माता ‘गावातलाच चेहरा हवा’ असे म्हणू लागला. माझ्या मते या मागणीत अर्धे शहाणपण आणि अर्धा आळस आहे. गावातला चेहरा आणला की त्याच्याबरोबर अभिनय आपोआप येतो, अशी समजूत तिच्यामागे असते. त्या चेहऱ्यावर किती महिने मेहनत घ्यावी लागते, याचा हिशेब अंदाजपत्रकात कुठेच दिसत नाही.

खान्देशातील ज्या चित्रपटाने माझा मार्ग बदलला, त्याची पटकथा अमळनेर-पारोळ्याच्या बाजूच्या, कापूस पिकवणाऱ्या एका घराची होती. दिग्दर्शक तरुण होता, पैसा थोडा होता आणि मला आधी बोलीभाषेच्या मार्गदर्शनासाठी बोलावले होते. संवाद पुण्यात लिहिले गेले होते. त्यात सगळी पात्रे एकच ‘खान्देशी’ बोलत होती, म्हणजे थोडी अहिराणी, थोडी वऱ्हाडी आणि उरलेली मालिकांमधली ग्रामीण. मी दिग्दर्शकाला सांगितले की, बोरी नदीकाठच्या या घरात सासू अहिराणी बोलेल, तिच्या बोलण्यात ‘आहे’च्या जागी ‘शे’ येईल; सून रावेरकडची दाखवली आहे, म्हणून ती लेवा बोली बोलेल आणि केळीला ‘केयी’ म्हणेल; घरी मजुरीला येणारे जोडपे सातपुड्यातल्या धडगावकडचे आहे, म्हणून ते आपसात पावरी ही आदिवासी बोली बोलतील आणि मालकाशी मोडकी अहिराणी. हे ऐकून घेतल्यावर दिग्दर्शक म्हणाला, “ताई, मग अशी माणसं तुम्हीच आणा.” माझी नेमणूक झाली ती एवढ्याच संभाषणात.

पहिले काम कागदाचे होते. पटकथेतील बोलणारे प्रत्येक पात्र वेगळे काढून त्याच्यापुढे वयाचा पल्ला, बोली, प्रसंगांची संख्या, चित्रीकरणाचे अंदाजे दिवस आणि त्याला पडद्यावर प्रत्यक्ष कोणते काम करायचे आहे, हे मी लिहिले. शेवटचा रकाना माझा स्वतःचा. मुंबईच्या कार्यालयांत तो मी कधी पाहिला नव्हता. कापूस वेचणारी बाई दोन्ही हातांनी वेचते आणि तिचे बोलणे त्या लयीत अडकत नाही. ज्या नटीने कधी कापूस वेचलेला नाही, ती बोलताना थांबते किंवा वेचताना गप्प होते. मापाडी काट्याकडे पाहत असतानाच शेतकऱ्याचे म्हणणे ऐकतो. अशा सवयी आठवडाभराच्या कार्यशाळेत शिकवता येत नाहीत. त्यामुळे कोणत्या भूमिकेसाठी कामाची सवय असलेला माणूस आणायचा आणि कोणत्या भूमिकेसाठी अभिनयाची सवय असलेला, याची विभागणी मी त्या रकान्यावरून केली.

खान्देशात अभिनय करणारी माणसे चारपाच निरनिराळ्या परंपरांतून येतात आणि प्रत्येक परंपरेची स्वतःची सवय असते. राज्य नाट्य स्पर्धेतील मंडळी पाठांतराला पक्की, एकच प्रसंग सारखा पुन्हा करून दाखवणारी. परंतु ती वाक्याच्या शेवटी टाळीसाठी किंचित थांबतात आणि आवाज अजूनही नाट्यगृहाच्या मागच्या भिंतीवर टाकतात. वहीगायन या खान्देशी लोकगायनातील आणि तमाशातील कलावंतांना समोर माणसे लागतात; त्यांची नजर सहकलाकारावरून वळून सतत प्रेक्षक शोधत राहते. यूट्यूबवरील अहिराणी विनोदी चित्रफितींतून नाव मिळवलेले तरुण कॅमेऱ्याला मुळीच घाबरत नाहीत, हा त्यांचा मोठा गुण. परंतु ते एका दमात बोलतात आणि भुवया विश्रांती घेत नाहीत. नंदुरबार जिल्ह्यातील सोंगाड्या पार्ट्यांमध्ये, म्हणजे लोकनाट्याच्या फडांमध्ये, काम करणारे आदिवासी कलावंत तत्काळ रचून बोलण्यात या सगळ्यांना मागे टाकतील, पण लिहिलेला संवाद हाती दिला की त्यांची अर्धी ताकद निघून जाते.

या सगळ्यांची चाचणी मुंबईच्या पद्धतीने घेणे मला पटेना. कागदावरचा प्रसंग पाठ करून या, असे सांगितले असते तर नाट्य स्पर्धेतील लोकच पुढे निघून गेले असते. म्हणून मी एक साधी परिस्थिती ठरवली: एकाने दुसऱ्याला पैसे उसने दिले आहेत, ते परत मागायला तो आला आहे आणि घरात पाहुणे बसलेले आहेत. संवाद कुणालाही दिले नाहीत. प्रत्येकाने आधी मागणारा व्हायचे आणि नंतर देणारा. पाहुण्यांसमोर पैशाचा विषय कसा काढायचा, हे खान्देशातल्या लहानथोर सगळ्यांना ठाऊक असते. कुणी आधी पावसापाण्याचे विचारतो, कुणी चहा घेता घेता ‘त्या कामाचं’ असे म्हणतो, कुणी मुलाच्या फीची गोष्ट काढतो. कोण किती वेळ गप्प राहू शकतो, हे त्यातून मला अभिनयापेक्षाही अधिक स्पष्ट दिसले. त्याआधी काही वेळ मी माणसाशी त्याच्या रोजच्या कामाविषयी बोलत असे. कॅमेरा सुरू आहे, हे त्याला सांगितलेले असे. लपून चित्रण करणे मी गैर मानते.

ऑडिशनचे वेळापत्रक ठरवताना मुंबईचे कॅलेंडर उपयोगाचे नव्हते. दसऱ्यानंतर कापसाची वेचणी लागली की शेतातला माणूस कुणालाच सापडत नाही. उन्हाळ्यात लग्नसराई आणि चव्वेचाळीस-पंचेचाळीस अंशांचे ऊन. आखाजीला, म्हणजे अक्षय्य तृतीयेला, सासुरवाशिणी माहेरी. गावांतील ऑडिशन मी श्रावणात घेतल्या, पण कानबाई या खान्देशातील देवीच्या उत्सवाचा आठवडा वगळून, कारण त्या दिवसांत घराघरांत रोटांचा नैवेद्य असतो. मजूर जोडप्याच्या भूमिकेचे गणित आणखी वेगळे होते. सातपुड्यातील पुष्कळ कुटुंबे दिवाळीनंतर ऊसतोडीसाठी गुजरातेत जातात आणि होळीला परततात. होळीच्या आधी आदिवासींचा भोंगऱ्या बाजार भरतो आणि तेव्हा सगळी माणसे एका जागी असतात. म्हणून या भूमिकांचा शोध आम्ही सर्वांत आधी, होळीच्या सुमारास धडगावला जाऊन सुरू केला. तेथे सापडलेले जोडपे मनासारखे होते. परंतु ही माणसे पावसाळ्यातच मुकादमाकडून उचल घेतात आणि मग ठरल्या दिवशी त्यांना निघावेच लागते. चित्रीकरण वेचणीच्या हंगामात होते. दिग्दर्शकाला सगळे वेळापत्रक हलवायला लावून त्या दोघांचे प्रसंग दिवाळीच्या आत घ्यायला लावले, हे त्या चित्रपटातील माझे सर्वांत कठीण काम होते आणि त्याचा अभिनयाशी काहीही संबंध नव्हता.

खेडा खरेदीला येणाऱ्या व्यापाऱ्याची भूमिका दोन प्रसंगांची होती, पण कथेचा सगळा भार तिच्यावर होता. टेम्पो आणि इलेक्ट्रॉनिक काटा घेऊन तो दारात उभा राहतो, कापसात हात घालून ओल बघतो आणि भाव पाडतो. नाट्यवर्तुळातील सगळ्यांनी ती भूमिका खलनायकासारखी केली; मिशी नसली तरी ती असल्यासारखी. शेवटी ती मिळाली एसटीच्या एका निवृत्त कंडक्टरला, जे खरे तर आपल्या पुतण्याला घेऊन आले होते. उसन्या पैशांच्या प्रसंगात पुतण्यासमोर कुणी उभे राहायला नव्हते, म्हणून मी काकांना उभे केले. त्यांनी खिशातून नोटा काढल्या, त्या मोजता मोजता समोरच्याच्या डोळ्यांत पाहून त्याच्या बायकोची तब्येत विचारली आणि मोजणी चुकली नाही. भरलेल्या गाडीत धक्के खात, सुटे पैसे आणि माणसे एकाच वेळी सांभाळण्यात त्यांची सारी नोकरी सरली होती. व्यापारी वाईट माणूस आहे, असे त्यांना वाटतच नव्हते, त्यामुळे पडद्यावर तो फार भीतिदायक झाला. पुतण्या नाराज झाला. त्याला पुढे दुसऱ्या एका कामात घेता आले.

आजीच्या भूमिकेसाठी मी आखाजीची गाणी म्हणणाऱ्या बायकांमध्ये शोधले. ज्या आजी सापडल्या त्यांना लिहितावाचता येत नव्हते. संवाद त्यांना मी कधी वाचून दाखवलेच नाहीत. प्रसंग सांगायचा, कोण रागावले आहे आणि का, हे सांगायचे आणि त्या जे बोलतील त्यातून लेखकाने ओळ निवडायची, असे ठरले. तालमीत हे सुरळीत चालले. चित्रीकरणात पहिला टेक अप्रतिम झाला आणि दिग्दर्शकाने तंत्राच्या कारणासाठी दुसरा मागितला, तेव्हा आजी म्हणाल्या, “एक डाव सांगं ना, आते परत काब्र सांगू?” म्हणजे एकदा सांगितले ना, आता पुन्हा कशाला सांगू? त्यांचे म्हणणे रास्त होते, प्रत्यक्षात कुणी नातवाला तेच तेच वाक्य पुन्हा ऐकवत नाही. मग मी प्रत्येक टेकच्या आधी समोरच्या मुलाला एखादी नवी आगळीक करायला सांगू लागले, म्हणजे आजींना बोलायला नवे कारण मिळे. नवशिक्या माणसाला निवडताना त्याच्याकडून पुनरावृत्ती कशी करून घ्यायची, याची योजना निवडीच्याच वेळी तयार असली पाहिजे. नसेल तर त्याला निवडू नये, कारण सेटवर सगळे ओरडू लागतात आणि दोष त्या माणसावर येतो.

चित्रपटात नऊदहा वर्षांचा एक मुलगा होता. येथे कायदा अगदी स्पष्ट आहे आणि तो पाळणारे निर्माते मला फारसे भेटलेले नाहीत. बालमजुरी कायद्याच्या २०१७ च्या सुधारित नियमांनुसार बालकलाकाराला दिवसाला ५ तासांपेक्षा जास्त आणि विश्रांतीशिवाय सलग ३ तासांपेक्षा जास्त काम देता येत नाही; सलग २७ दिवसांपेक्षा अधिक काळ त्याला कामावर ठेवता येत नाही; जेथे चित्रीकरण आहे त्या जिल्ह्याच्या दंडाधिकाऱ्यांची, म्हणजे कलेक्टरची, परवानगी निर्मात्याने आधी घ्यावी लागते; जास्तीत जास्त पाच मुलांमागे एक जबाबदार व्यक्ती नेमावी लागते आणि मुलाच्या मानधनातील किमान २० टक्के रक्कम राष्ट्रीयीकृत बँकेत त्याच्या नावे मुदत ठेवीत ठेवावी लागते. निर्मात्याचे म्हणणे असे की, मुलाचे वडील तयार आहेत, मग कलेक्टर कचेरीत कशाला जायचे. वडिलांची तयारी आणि कायद्याची परवानगी यांत फरक आहे, हे सांगून मी जन्मदाखला, पालकांचे संमतिपत्र आणि शाळेचे पत्र गोळा केले व परवानगी हाती आल्याशिवाय मुलाचे नाव यादीत पक्के करणार नाही, असे कळवले. ही जबाबदारी कायद्याने निर्मात्याची आहे, कास्टिंग करणाऱ्याची नाही. परंतु मुलाच्या आईने विश्वास टाकलेला असतो तो आपल्यावर.

पैशाच्या बाबतीतही असेच. गावातील बायकांची आधार, बँक आणि रेशनकार्ड यांवरची नावे तीन प्रकारची असतात. एकीकडे माहेरचे, दुसरीकडे सासरचे, तिसरीकडे कारकुनाने ऐकले तसे. पॅन कार्ड पुष्कळांकडे नसते आणि करकपात लागू होणारी रक्कम असेल, तर पॅन नसलेल्याच्या मानधनातून २० टक्के कापले जातात. म्हणून निवड पक्की झाली की मी आधी कागद पाहते, कपडेपट नंतर. मानधनाचा आकडा, दिवस, भत्ता आणि पैसे मिळण्याची तारीख मी अहिराणीत वाचून दाखवते आणि मगच सही किंवा अंगठा घेते. धडगावच्या जोडप्याने त्यांच्या शेजाऱ्याला सोबत आणले आणि त्याने प्रत्येक वाक्यावर प्रश्न विचारले, ते मला फार आवडले. मुंबईत मी इतकी वर्षे न विचारता सह्या करीत होते.

आमच्या भागात आणखी एक गोष्ट स्पष्ट लिहिणे भाग आहे. तालुक्याच्या गावांत ‘ऑडिशन’ म्हणून फलक लागतात, नोंदणीचे, फोटोंचे आणि कसल्या कसल्या ओळखपत्राचे पैसे घेतले जातात आणि आठवड्याने तो मोबाइल बंद होतो. कास्टिंग करणाऱ्याचा मेहनताना निर्माता देतो. माझा मेहनताना तीन टप्प्यांत ठरलेला असतो: काम स्वीकारताना, मुख्य यादी पक्की होताना आणि चित्रीकरण सुरू होताना. भूमिका मागायला आलेल्या माणसाकडून एक रुपयाही घ्यायचा नसतो, आणि जो घेतो त्याच्याकडे देण्यासारखी भूमिका नसते. माझ्या प्रत्येक पत्रकावर ‘कोणतेही शुल्क नाही’ हे शब्द नावापेक्षा मोठ्या अक्षरांत असतात. तरीही एखादी आई पदराआडून पाकीट पुढे करतेच, कारण फुकट मिळणाऱ्या गोष्टीवर तिचा विश्वास नसतो. शिफारशींचे वेगळेच. पुढाऱ्याचा भाचा, सरपंचांची सून, ज्यांच्या वाड्यात चित्रीकरण आहे त्यांचा जावई, या सगळ्यांची ऑडिशन मी घेते, रांगेत, इतरांसारखीच. वाड्याच्या मालकांचा जावई खरोखरच चांगला निघाला आणि त्याला घेतल्यावर सगळ्या गावाने ठरवून टाकले की हे सगळे वशिल्याने चालते.

नकार कळवण्याची पद्धत मी स्वतःच्या अनुभवावरून बदलली. मुंबईत नकार कळवतच नाहीत; फोन आला नाही म्हणजे समजून घ्यायचे. गावात असे चालत नाही, कारण ऑडिशनला जाताना त्या माणसाने किमान अर्ध्या गल्लीला सांगितलेले असते आणि मग पानटपरीवर रोज चौकशी होते. निकालाची तारीख मी आधीच सांगते आणि त्या दिवशी सगळ्यांना कळवते. प्रत्यक्ष कारण विचारले तर खरे कारण देते: “तुमचे वय पात्रापेक्षा कमी दिसते,” किंवा “आईच्या भूमिकेतल्या बाईंशी तुमचा चेहरा जुळत नाही.” अभिनय कमी पडला असेल तर तेही सांगते, पण समोरासमोर. यात बराच वेळ जातो आणि शिव्याही खाव्या लागतात. एका शिक्षकांनी मला नाट्यशास्त्रावर अर्धा तास ऐकवले. त्यातले काही मुद्दे उपयोगाचेही होते.

मी स्वतः निवड करीत असलेल्या चित्रपटात भूमिका करीत नाही. दिग्दर्शकांनी एकदोनदा आग्रह केला. सोयीचे होते, पैसेही वाचले असते. परंतु ज्या बायकांना मी नकार दिला त्यांनी पडद्यावर मला पाहिले तर त्यांना काय वाटेल, याचे उत्तर मला ठाऊक आहे. इतरांच्या चित्रपटांत अजून कधीतरी शेजारीण होते. त्या दिवशी सेटवर कुणी माझे पूर्ण नाव विचारले नाही की मी त्या युनिटच्या कास्टिंगवाल्याला शोधून काढते आणि त्याला श्रेयनामावलीबद्दल विचारते.

कारण माझ्या करारात आता एक कलम कायम असते: एक ओळ बोलणाऱ्या पात्राचेही नाव श्रेयनामावलीत असले पाहिजे आणि ते त्या माणसाने सांगितले तसेच लिहिले गेले पाहिजे. काही निर्माते लगेच मान्य करतात. काहींना अक्षरे बारीक करण्याचा खर्चही जास्त वाटतो. अमळनेरच्या त्या चित्रपटाची नामावली अंतिम होण्यापूर्वी मी फोनवरून प्रत्येकाला नाव विचारले. आजींनी नवऱ्याचे नाव घ्यायला नकार दिला आणि ते सुनेकडून विचारून घ्या म्हणाल्या. सुनेने ते सांगितले, मी ते लिहून घेतले आणि यादी पुण्याला पाठवून दिली.